गंगाधरचा खांब

रस्ता रुंद होणार अशी कुणकुण लागली की हिंजवडी ते नेरे या पट्ट्यात देव जागे होतात. वर्षानुवर्षं बांधावर ऊन खात पडलेल्या धोंड्याला अचानक शेंदूर लागतो, मागोमाग पत्र्याचं छप्पर येतं, छपराखाली दानपेटी येते. मोजणीवाले येतात, देव बघून डोकं खाजवतात आणि रस्त्याची रेघ देवाला वळसा घालून समोरच्याच्या अंगावर ढकलतात. समोरच्याचा देव झोपलेला राहिला, त्याला कोण काय करणार?

पुढे मोजणीवालेही शहाणे झाले. कोर्टाचे आदेश दाखवून देव उचलायला लागले. तेव्हा अख्ख्या पट्ट्यात एकट्या दादासाहेब शेडग्यांच्या ध्यानात आलं, की आता देवापेक्षा पक्कं काहीतरी पाहिजे. माणूस मनाने वाईट नव्हता असं म्हणायची पद्धत आहे, म्हणून म्हणायचं. डोकं मात्र फार चालायचं.

दादासाहेब वाडीचे माजी सरपंच. नेऱ्याच्या अलीकडे, रस्ता जिथे किंचित वळतो तिथे त्यांचे ओळीने गाळे. खाली पराठेवाला, इस्त्रीवाला, मोबाइलवाला आणि वर आयटीतल्या पोरांना भाड्याने दिलेल्या खोल्या. रस्त्याच्या दुसऱ्या अंगाला गेणबाचं घर. दोन खोल्या, पुढे पडवी, कडेला गोठा आणि गोठ्यात दोन म्हशी. त्यांचं दूध समोरच्या खोल्यांतली पोरं प्यायची. घर गेणबाच्या बापाने गायरानात बांधलेलं. तेव्हा कुणी कुणाला कागद मागत नसे.

दादासाहेबांचा धाकटा भाऊ शैलेश. तो नौदलात होता, आणि नौदलातही मरीन कमांडो. वाडीला हे कधी नीट कळलं नाही. समुद्र इथून घाटापलीकडे, आणि फौजी म्हटला की हिरवे कपडे आणि बर्फ. त्याला शौर्यचक्र मिळालं तेव्हा चौकात त्याचा मोठा फ्लेक्स लागला. फ्लेक्सवाल्याने इंटरनेटवरून एक भूदलाचा जवान उचलला आणि त्याच्या धडावर शैलेशचं डोकं चिकटवलं. डोक्याभोवती वाडीतली सतरा डोकी, सगळी हसतमुख आणि शुभेच्छुक. शैलेश सुट्टीवर आला, फ्लेक्स बघितला आणि घरी गेला. त्याच्या बायकोने, शुभांगीने, विचारलं, तर एवढंच म्हणाला की पाय तरी माझे ठेवायचे होते.

शैलेशला पोहायला शिकवलं होतं गेणबाने. पाठीला पांगाऱ्याचा हलका, तरंगणारा ओंडका बांधून विहिरीत ढकललं आणि वर काठावर बसून बिडी ओढत राहिला. पोरगं गटांगळ्या खातंय, रडतंय, पण याचं आपलं एकच, हात मार, हात मार. एके दिवशी गेणबाने ओंडका न सांगताच सोडवून घेतला, आणि ते काठाला लागल्यावरच शैलेशला कळलं. पुढे नौदलात हातपाय बांधून पाण्यात टाकणारे उस्ताद भेटले, थंडीने दात कडकडून तुकडे पडायची वेळ आली, बरोबरची निम्मी पोरं पिशवी उचलून निघून गेली. शैलेश राहिला. का राहिला असं विचारलं तर म्हणायचा, आमचा गेणबाकाका यांच्यापेक्षा वाईट होता.

या कामात माणूस एकटा नसतो. पाण्याखाली जोडीने जायचं, एकाच्या कमरेची दोरी दुसऱ्याच्या कमरेला. खाली काळोखात काही दिसत नाही, बोलता येत नाही. दोरीला हिसका बसला की समजायचं, तो आहे. शैलेशच्या दोरीचं दुसरं टोक परभणीकडच्या गंगाधर लोखंडेच्या कमरेला होतं. तोही विहिरीतच शिकलेला. दुष्काळी गावचा पोरगा, घरात पिण्याच्या पाण्याची मारामार, आणि सरकारने त्याला समुद्रात टाकलेलं. यावर तो स्वतःच सगळ्यांत जास्त हसायचा.

काश्मीरमधल्या एका तळ्यात, ऐन थंडीत, हे दोघं लव्हाळ्यात नाकापर्यंत बुडून एका होडीची वाट बघत बसले होते. होडी आली. तिच्यातलं कुणीही काठाला लागलं नाही. यापुढचं शैलेशने शुभांगीलाही कधी सांगितलं नाही. शिफारस एकट्या शैलेशचीच गेली, कारण पाण्यातून पहिला तो उठला होता. गंगाधर म्हणाला, अर्धं चक्र माझं, पण फोटो तूच काढून घे, माझं नाक बरं येत नाही.

शैलेश चक्र घ्यायला दिल्लीला गेला, आणि त्याच आठवड्यात समुद्रातल्या सरावात गंगाधर दुसऱ्याच जोडीदाराबरोबर खाली गेला. तळाला कोळ्यांचं जुनं जाळं होतं. शैलेशच्या छातीवर राष्ट्रपतींनी चक्र लावलं तेव्हा गंगाधरला वर काढून झालं होतं, पण ही बातमी त्याला समारंभ उरकल्यावर दिली. कागदावर लागलं, अपघात. अपघातात गेलेल्याला शहीद म्हणत नाहीत. त्याच्या गावात ना कुणी मंत्री आला, ना शाळेला सुट्टी मिळाली. त्याच्या आईला, सारजाबाईला, गावातल्या बायका विचारायच्या, म्हणजे बुडूनच गेला म्हणा की. चांगलं पोहता येत नव्हतं का?

शैलेश दरवर्षी तिच्याकडे जायचा. ती त्याला भाकरी करून घालायची आणि गंगाधरबद्दल काही विचारायची नाही. नोकरी संपवून तो वाडीला आला, एका टॉवरच्या फाटकावर सुरक्षा अधिकारी म्हणून लागला, पिझ्झा आणणाऱ्या पोरांचे फोटो तपासू लागला, तरी ते न विचारलेलं त्याच्या मागे होतंच.

तर अशा माणसापुढे दादासाहेबांनी एका संध्याकाळी विषय काढला, की वळणावर एक स्मारक करू या. शैलेशला वाटलं आपलं करताहेत. तो म्हणाला, जिवंत माणसाचा खांब उभारतात का कुठे? दादासाहेब म्हणाले, तुझा नाही रे, तुझ्या त्या जोडीदाराचा. परभणीच्या पोराचा. त्याच्या गावाने नाही केलं, आपण करू. आयुष्यात पहिल्यांदा मोठ्या भावाने त्याला काहीतरी विचारून दिलं होतं, आणि नेमकं तेच जे त्याला हवं होतं. तो उठून मागच्या अंगणात गेला, नळाखाली तोंड धरलं, आणि परत येऊन बरं म्हणाला.

त्याची इच्छा खांब शाळेच्या आवारात व्हावा अशी होती. दादासाहेबांनी समजावलं, शाळेत कोण बघणार, रस्त्यावर असला तर येताजाता चार लोक हात जोडतील. ग्रामपंचायतीच्या भिंतीवर तेव्हा रस्त्याचा नकाशा डकवलेला होता, सगळ्यांना दिसेल असा. ज्या माणसाने परक्या किनाऱ्यांचे नकाशे डोळे मिटून काढता येतील इतके पाठ केले होते, त्याने हा नकाशा बघितला नाही. बघायचं कशाला? भाऊ होता.

ग्रामसभेत हात वर करायची वेळ आली तेव्हा पहिला हात गेणबाचा. आमच्या शैल्याच्या जोडीचा गडी हाय, म्हणाला, मग तो आमचाच. नुसता हात वर करून तो थांबला नाही. पाया त्याने खणला. खांब उभा राहिल्यावर सकाळ-संध्याकाळ स्वतःच्या नळाला पाइप लावून त्याने बांधकामावर पाणी मारलं. म्हशींना एक घमेलं कमी मिळालं तरी चालेल, पण सिमेंट तडकायला नको.

पाटीवर काय कोरायचं ते शैलेशने लिहून दिलं होतं. नौसैनिक गंगाधर लोखंडे, बस. पाटी आली तर पुढे ‘शहीद’ लागलेलं. शैलेशने भावाकडे पाहिलं. दादासाहेब म्हणाले, आता कोरलेलं कसं पुसणार, आणि वाईट काय लिहिलंय? शैलेशने पाटी तशीच बसवू दिली. खोटं होतं, पण त्याला आवडलेलं खोटं होतं.

उद्घाटनाला सारजाबाई एसटीने आली, हातात कापडी पिशवी. मोठा मंडप, दोन्ही बाजूंना कनाती, त्यामुळे रस्त्यापलीकडचं काही दिसत नव्हतं. गेणबा मागे पाण्याच्या टाक्या भरत होता. सारजाबाईला वाचता येत नव्हतं, पण लेकाचं नाव तिला अक्षरांच्या आकारावरून ओळखता यायचं. तिने बोट फिरवत फिरवत नाव ओळखलं, मग नावाआधीच्या अक्षरांवर तिचं बोट थांबलं. शैलेशला विचारलं, हे काय लिहिलंय? तो म्हणाला, शहीद. ती खांबाला पाठ लावून खाली बसली आणि इतक्या वर्षांचं रडली. माईकवर कुणीतरी वीरमाता, वीरमाता करत होतं. त्याच संध्याकाळी तिला परतीच्या गाडीत बसवून दिलं. गाडी हलेपर्यंत ती खिडकीतून हात जोडत होती, शैलेशला.

पाऊस सरला आणि गेणबाच्या भिंतीवर पिवळे पट्टे आले. एक पट्टा दारावर, एक गोठ्यावर. गेणबाला वाटलं पाण्याच्या पाइपलाइनचं काही असेल. त्याने शैलेशला बोलावून दाखवलं.

शैलेश त्या दिवशी पहिल्यांदा ग्रामपंचायतीत जाऊन नकाशासमोर उभा राहिला. आधीची रेघ सरळ होती. ती दादासाहेबांचे गाळे कापत जात होती, आणि गेणबाच्या अंगणाला जेमतेम शिवत होती. नवी रेघ त्यावर लाल शाईने काढलेली, खांबापाशी येऊन समोरच्या बाजूला फुगलेली, आणि फुगवट्याच्या पोटात दोन खोल्या, पडवी, गोठा. समजायला क्षणसुद्धा लागला नाही. यापेक्षा अवघड नकाशे त्याने पाण्याखाली वाचले होते.

दादासाहेब गाळ्यापुढे खुर्ची टाकून बसले होते.

“दादा, तुला ठावं हुतं?”

“नसायला मी काय येडा हाय? तुला खांब पायजे हुता, मला वळण पायजे हुतं. दोघांचं बी झालं. ह्यात कुणी कुणाला फसवलं?”

“गेणबाकाकाचं घर जातंय.”

“त्येच्या नावावं तरी हाय का त्ये? बापापासनं गायरानात बसलाय. आज न्हाई तर उद्या उठायचाच हुता.” दादासाहेबांनी आवाज जरा खाली आणला. “गाळे गेलं असतं तर तुझ्या बी पोरांच्या तोंडचं गेलं असतं. मी एकट्यासाठी करतो व्हय?”

शैलेश म्हणाला, मी तो खांब काढतो. दादासाहेब हसले. शहिदाच्या दगडाला हात लावून तर बघ, म्हणाले, मग गाव तुला कंचं चक्र देतंय ते दिसंल.

त्याला संताप आला होता, पण भावाचा कमी, स्वतःचा जास्त. गंगाधर त्याला जन्मभर म्हणायचा, तू पाण्यात शहाणा आणि जमिनीवर बावळट. तो तसाच गेणबाकडे गेला आणि सगळं सांगितलं. गेणबाने ऐकून घेतलं. शिवी दिली असती तर बरं वाटलं असतं. तो खांबाकडे बघत म्हणाला, “लई पक्का झालाय त्यो. म्याच पाणी मारलंय.”

रस्त्याच्या कामावर मृण्मयी नावाची इंजिनिअर होती, वर्ध्याकडची, नोकरीला नवीन. तिने स्वतः उठून शैलेशला बसायला सांगितलं, चहा मागवला. चक्रवाल्या माणसाशी कसं बोलावं ते तिला कळत नव्हतं, पण खोटं बोलली नाही. “सर, देऊळ असतं तर आम्ही हलवलं असतं. शहिदाचं स्मारक कोण हलवणार? उद्या टीव्हीवाले येतील.” मग थोडं थांबून म्हणाली, की ते तिथे नसतंच तर ती जुनी सरळ रेघ पुन्हा वर पाठवू शकेल. पण ते त्या जवानाच्या घरच्यांच्या मर्जीनेच व्हायला पाहिजे, नाहीतर तिचीही नोकरी जाईल. आणि लवकर, कारण कागद वर निघालेत.

शैलेशने ग्रामसभेत विषय काढून पाहिला. त्याच सभेने त्याच हातांनी त्याला खाली बसवलं. तो परभणीच्या गाडीत बसला.

सारजाबाई दारात शेंगा फोडत बसली होती. त्याला बघून उठली, पाणी दिलं, चूल पेटवायला लागली. तो म्हणाला, मावशी, भाकरी नंतर. मग त्याने सांगायला सुरुवात केली, आणि सांगताना त्याला जाणवलं की आपण गोळी घालणाऱ्यापुढे जितके घाबरलो नाही तितके या बाईपुढे घाबरलोय. ती शेंगा फोडतच राहिली. सगळं ऐकून झाल्यावर तिने विचारलं, “त्या घरात माणसं किती?”

“दोघं. म्हातारा, म्हातारी. आणि म्हशी. त्यानंच मला पोहायला शिकवलं, मावशी.”

उन्हात एक कोंबडी टरफलं उकरत होती, सारजाबाई तिकडे बघत राहिली.

“माझ्या लेकराच्या नावानं कुणाचं घर पडू नये. काढ,” ती म्हणाली. “पण तूच काढ. दुसऱ्याचा हात लावू देऊ नको त्याला.”

“व्हय.”

“अन् कधी काढलास ते मला सांगू नको. मी आपली समजंन, हाय तिथंच.”

तो भाकरी खाऊन निघाला.

खांब त्याने दिवसाढवळ्या काढला, सकाळी कामावर जाणाऱ्यांची वर्दळ सुरू असताना. चोरी नव्हती ती. आधी छिन्नीने पाटीच्या चारी कडा हळूहळू मोकळ्या केल्या, ओरखडाही न येऊ देता पाटी सुटी केली, ती घोंगडीत गुंडाळून शुभांगीच्या हातात दिली. ती पाटी उराशी धरून घराकडे गेली. मग त्याने घण उचलला. गेणबाने खरंच मन लावून पाणी मारलं होतं, खांब तुटता तुटेना. कंपन्यांच्या कॅबा थांबल्या, गाळ्यांवरच्या खोल्यांतून पोरं खाली आली, मोबाइल वर झाले. मदतीला कुणी आलं नाही आणि अडवायलाही कुणी आलं नाही, सगळ्यांना नुसतं बघायचं होतं. दादासाहेबही गाळ्याच्या पायरीवर उभं राहून बघत होते, आणि त्यांनी एका शब्दाने थांबवलं नाही. तेव्हाच ओळखायला हवं होतं.

दुपारपर्यंत ते मोबाइलवरून मोबाइलवर फिरलं. पाटी सोडवलेली कुणी दाखवली नाही, दिसत होता तो फक्त घण. शहिदाचं स्मारक फोडणारा माजी सैनिक. कुणी म्हणालं दारू प्यायलेला, कुणी म्हणालं चक्र विकत घेतलेलं. पोलिसांत तक्रार गेली, तक्रारीवर पहिली सही सख्ख्या भावाची. टॉवरच्या सोसायटीने त्याला सांगितलं की वाद मिटेपर्यंत येऊ नका, आणि आठवड्यात त्या जागी दुसरा माणूस उभा केला. ज्या पोरांना तो पहाटे टेकडीवर पळायला न्यायचा, भरतीसाठी, ती वाटेत दिसली की मान फिरवायची.

सारजाबाईनेच काढ म्हटलं होतं हे त्याने मृण्मयीखेरीज कुणाला सांगितलं नाही, तिला यात ओढायचं नव्हतं. हे सगळं त्याने सोसलं असतं. मृण्मयीने सरळ रेघ खरोखरच वर पाठवली होती, आणि तेवढ्यासाठी त्याने याहून जास्त सोसलं असतं.

पण दादासाहेबांनी पंधरवडाही जाऊ दिला नाही. शहिदाचा अपमान गाव सहन करणार नाही म्हणून गावोगाव हिंडले, आणि फोडलेल्या खांबाच्या जागी दुप्पट उंचीचा, काळ्या ग्रॅनाइटचा नवा खांब उभा केला. पहिला खांब वाडीचा होता, हा तालुक्याचा झाला. कुठले कुठले पुढारी हजर राहायचं कबूल करून बसले. मृण्मयीचा फोन आला, तिचा आवाज रडवेला होता. “सर, वरून आलंय. लाल रेघच राहणार. मला म्हणाले, एकदा फुटलेल्या स्मारकाला पुन्हा हात लावायला सांगताय?” म्हणजे त्याच्या घणाने खांब पडला नव्हता, अढळ झाला होता. शैलेश फोन ठेवून बसून राहिला. शुभांगी त्याच्या शेजारी बसली.

गेणबाचं घर पाडायला वेळ लागला नाही. मातीची भिंत, मशीनच्या एका दांड्याने आडवी झाली. कागद नाही म्हणून भरपाई नाही. म्हशी एका गवळ्याने नेल्या. म्हातारा म्हातारी मुठा गावी मेव्हण्याच्या पडवीत राहायला गेली. जाताना म्हातारी शैलेशच्या दाराशी थांबली नाही. तिचं बरोबरच होतं.

नव्या खांबाच्या समारंभाच्या दिवशी गेणबा वाडीला आला होता. सागाची दाराची चौकट तेवढी रस्त्याकडेला पडून होती, ती न्यायला. शैलेशला मंडपात यायची बंदी होती, पोलिसांनी तसं बजावलं होतं. तो गेणबाला चौकट उचलू लागला. जिथे घर होतं तिथे आता मुरूम दाबून सपाट केलेला, त्यावर रोलरचे पट्टे.

तेवढ्यात एक पांढरी गाडी येऊन थांबली, आणि तिच्यातून नवं कोरं लुगडं नेसलेली सारजाबाई उतरली. शैलेशने तिला काही कळवलं नव्हतं. पण मोबाइलवरचा घण तिच्या गावातल्या कुणीतरी तिला दाखवलाच होता. नंतर दादासाहेब स्वतः परभणीला जाऊन आले होते. काय सांगून आले असतील ते ती रस्ता ओलांडून जवळ आली तेव्हा कळलं. कार्यकर्ते मागून वीरमाता इकडे, इकडे म्हणत होते. तिने लक्ष दिलं नाही. ती थेट शैलेशसमोर येऊन उभी राहिली. इतकी हलकी ती त्याला कधीच दिसली नव्हती.

“तुझे भाऊ आले होते,” ती म्हणाली. “म्हणले, रस्ता सरळच चाललाय आता. त्या म्हाताऱ्याच्या घराला धक्का लागत नाही. म्हणून आले मी. नसता आलेच नसते.” मग तिने त्याच्या तोंडाकडे नीट बघितलं. “वाचलं ना रे घर?”

तिच्या पाठीमागे खांबावरचा कपडा वाऱ्याने फडफडत होता. कपड्याखाली तिच्या लेकाचं नाव होतं. शैलेशला दोनच शब्द बोलायचे होते, आणि खरे शब्द बोलला असता तर ती आल्या पावली परत गेली असती, आणि तिला जगात ते नाव चारचौघांत बघायला दुसरी जागा नव्हती.

“वाचलं, मावशी.”

“कोणतं ते?”

त्याचा हात उचलेना. तेव्हा गेणबाने चौकट खाली ठेवली आणि टेकडीच्या अंगाला, दूर कुठल्यातरी पत्र्याच्या छपराकडे बोट केलं. “त्ये काय, वर. हाय की जागच्या जागी.”

“तुमचंच व्हय?”

“व्हय, बाई. आमचंच.”

तिने त्या छपराला हात जोडले. मग पदराची गाठ सोडून कागदाची पुडी काढली. घर वाचलं तर साखर वाटीन असं देवाला बोलले होते, म्हणाली. जिथे गेणबाची चूल होती बरोबर तिथेच ती उभी होती. तिने चिमूटभर साखर त्याच्या हातावर ठेवली, म्हणाली, माझ्या गंगाधरानं तुमचं वाईट केलं नाही ना, बाबा? गेणबा म्हणाला, न्हाई बाई, तुमच्या पोरानं काय वाईट केलं न्हाई. आणि त्याने साखर तोंडात टाकली.

उरलेली तिने शैलेशच्या तळहातावर ओतली, त्याच्या डोक्यावरून हात फिरवला आणि मंडपाकडे गेली. त्याला ती साखर खाता येईना आणि टाकताही येईना. मूठ मिटून तो गेणबाच्या शेजारी उभा राहिला. माईकवरून त्याच्या भावाचा आवाज सगळ्यांना शहिदासाठी दोन मिनिटं स्तब्ध उभं राहायला सांगत होता.